काळ्या-पांढऱ्यातला डाळिंबी

काळ्या-पांढऱ्या सिनेमात रंग सांगायचे नसतात, हे मला आमच्या फिल्म क्लबच्या अध्यक्षांनी सांगितलं. ते दातांचे डॉक्टर आहेत. जुळे सोलापुरात त्यांचा दवाखाना आहे, माझ्या दाढा त्यांनीच काढल्यात, आणि माणूस म्हणून मला ते आवडतात. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे मी त्यांच्याशी भांडणार आहे.

"मॅडम," जिन्यात मला गाठून ते म्हणाले, "त्या बाईचा किमोनो डाळिंबी होता असं तुम्ही मगाशी सगळ्या हॉलला सांगितलंत."

"सगळ्या हॉलला नाही. माझ्या जावेला सांगितलं."

"ते सगळ्या हॉलला ऐकू गेलं."

"उभा जन्म पोरांनी भरलेल्या वर्गात गेलाय, डॉक्टर. माझा हळू आवाजसुद्धा शेवटच्या बाकापर्यंत जातो."

ते हसले नाहीत. त्यांचं म्हणणं असं, की दिग्दर्शकाने एकेक सावली जोखून धरलेली असते आणि मी मधेच उठून तिच्यावर डाळिंबी ओतते. हे बरोबर नाही, असं ते फार सभ्यपणे म्हणाले. मी म्हटलं, मी ओतणार. जिन्यात मागे माणसं खोळंबली होती म्हणून तेवढ्यावर थांबलं.

आमचा क्लब रविवारी सकाळी एका वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर भरतो. खुर्च्या प्लास्टिकच्या, पंखे कुरकुरणारे, पडदा मात्र झकास. मी शाळेतून निवृत्त झाल्यावर तिथं जायला लागले, आणि माझ्या नशिबाने तेव्हा जुन्या जपानी सिनेमांची मालिका सुरू होती. पहिल्याच रविवारी जो सिनेमा पाहिला त्यात एका माणसाच्या घरी बायको म्हणून नांदणारी बाई खरं तर कोल्हीण असते. एक दिवस तिचं बिंग फुटतं आणि मूल मागे ठेवून ती रानात निघून जाते. सिनेमा संपल्यावर खाली चहाच्या गाड्यावर चर्चा रंगली. चौकट, अवकाश, मौन. एक प्राध्यापक म्हणाले, जपानी सिनेमा समजायला फार अभ्यास लागतो.

मला राहवलं नाही. म्हटलं, अभ्यास कशाला, एक आत्या लागते. माझी करमाळ्याची आत्या हीच गोष्ट सांगायची. तिच्या गोष्टीत कोल्हीण नव्हती, हडळ होती. एका गड्याने तिचे केस कापून उतरंडीत तळाच्या मडक्यात लपवले, म्हणून ती त्याच्या घरी राबायची, पोरंबाळं झाली, आणि एक दिवस उतरंड उतरवताना तिला केस सापडले. झालं. कडेवरचं पोर खाली ठेवून बाई चालती. तो सिनेमा मला कळला नाही असं मला कुणी सांगू नये. मी तो परकर-पोलक्यात असल्यापासून ऐकत आलेय.

मग मला नादच लागला. मिळेल ते वाचलं. वाचताना कळलं की त्या सिनेमांतल्या गोष्टी सिनेमावाल्यांच्या नव्हत्याच. त्याआधी मुखवटे घालून होणारी नाटकं होती, त्याआधी भिक्षूंनी आणि पंडितांनी उतरवून घेतलेल्या पोथ्या होत्या, आणि त्याच्याही आधी नुसती तोंडं होती. आंधळे गायक वीणेसारखं एक वाद्य घेऊन गावोगाव फिरायचे आणि लढाईत बुडालेल्या घराण्यांच्या कथा गायचे. ज्यांना काही दिसत नव्हतं त्यांनी त्या कथा सांभाळल्या. सिनेमा म्हणजे त्या घरातला सगळ्यात शेवटचा भाडेकरू. आता त्यानेच दार लावून घेऊन बाकीच्यांना गप्प बसा म्हणायचं, हे काही माझ्या डोक्यात बसत नाही.

आणखी एक गोष्ट वाचली आणि मी अक्षरशः टाळी वाजवली. मूकपटाच्या काळात तिथं पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा राहून सगळा सिनेमा सांगायचा. नटीचा आवाज तो, म्हाताऱ्याचा आवाज तो, वाराही तोच. लोक नटाला नव्हे, त्याला ऐकायला जायचे. बोलपट आले तेव्हा या सांगणाऱ्यांचं पोट गेलं, आणि त्यांनी चक्क संप केले. संप म्हणजे काय हे सोलापूरच्या माणसाला वेगळं समजवावं लागत नाही.

आता आक्कांविषयी. आक्का माझ्या थोरल्या जाऊबाई. मी लग्न होऊन आले तेव्हा थोरल्या दिरांची गिरणी बंद पडली होती आणि ते दिवसभर कॉटवर बसून छताकडे बघायचे. माझा नवरा रेल्वेत, कुर्डुवाडीला, शनिवारी घरी यायचा. घर चालवलं ते आक्कांनी. सोलापुरात शाळेचे गणवेश शिवायचे कारखाने गल्लोगल्ली आहेत. तिथून कापलेला माल घरी आणायचा आणि नगावर शिवून द्यायचा. आतल्या खोलीत त्यांचं पायमशीन होतं, वर ट्यूबलाइट, आणि भोवती निळ्या चड्ड्यांचे ढीग. मला बी. एड. करायचं होतं. सासूबाई म्हणाल्या, आता कशाला. आक्का म्हणाल्या, "शिकू दे तिला. मी शिवतीय न्हवं." विषय संपला.

आता त्यांचे डोळे गेलेत. पूर्ण नाही. उजेड-अंधार कळतो, समोरचं माणूस उभं आहे की बसलंय एवढं कळतं. डोळ्यांचे डॉक्टर म्हणतात साखरेने गेले. मी रिपोर्ट वाचलेत, मलाही कळतं की साखरेने गेले. तरी ते निळे ढीग माझ्या मनातून हलत नाहीत, आणि ते मला कुणी हलवायला सांगू नये.

आक्कांना सिनेमाचं वेड. तरुणपणी माल पोचवून येताना त्या मॅटिनीला घुसायच्या आणि घरी येऊन 'रांग होती' म्हणायच्या. डोळे गेल्यावर सगळं बंद. टीव्हीपुढेही बसेनात. "तेंचं काय," त्या म्हणायच्या, "नुसतं बोलत्यात. काय दिसतंय ते कुणीच सांगत न्हाय." दिवसभर पलंगावर बसायच्या आणि रस्त्यावरच्या रिक्षांचा आवाज ऐकायच्या. चांगली चालती-बोलती बाई घरात नुसती ठेवल्यासारखी झाली होती. मला ते बघवेना. एका रविवारी मी त्यांना नेसवलं, रिक्षात घातलं आणि क्लबात घेऊन गेले.

सिनेमा जपानी, खाली इंग्रजी अक्षरं. मी त्यांच्या कानाशी लागून मराठीत सांगू लागले. बाई घाटावर आलीय. मागे वळून बघतेय. आक्कांनी पहिला प्रश्न विचारला.

"नेसलीया काय?"

"किमोनो. म्हणजे लांब झगा, मोठ्या बाह्या."

"कसल्या रंगाचा?"

"सिनेमा काळा-पांढरा आहे, आक्का. रंग दिसत नाही."

"तुला दिसत न्हाय म्हून काय झालं? तिनं तर बघूनच घेतलं असंल की कापड."

मी पडद्याकडे पाहिलं. बाई तिथं उभी होती, आणि आक्का म्हणतात ते खरं होतं. त्या झग्याला कुठला तरी रंग होताच. शूटिंगच्या दिवशी तिथं असलेल्या प्रत्येक माणसाने तो पाहिला होता. फक्त आपल्यापर्यंत आला नव्हता.

"डाळिंबी," मी म्हटलं. "काठ मोरपंखी."

"हां," आक्का म्हणाल्या, आणि खुर्चीत सावरून बसल्या. "आता दिसली."

तेव्हापासून मी रंग सांगते. वांगी, मोतिया, अबोली, चिंतामणी. विचार करून सांगते, तोंडाला येईल ते नाही. विधवेला मी डाळिंबी नेसवत नाही आणि सावकाराच्या बायकोला मळकट घालत नाही. एकदा चुकून लढाईवर निघालेल्या शिपायाला मी राणी कलर दिला तर आक्कांनी तिथल्या तिथे बदलून घेतला. "बाह्या येवढ्या मोठ्या ठिवल्यात, किती कापड जात असंल," हे मात्र त्या दर सिनेमाला म्हणतात. हळूहळू आमच्या मागच्या रांगेत माणसं सरकून बसू लागली. पूर्व भागातलं एक विणकर जोडपं यायचं, घरी तेलुगू बोलणारं. इंग्रजी अक्षरं पळतात, तुमचं ऐकलं की कळतंय, असं त्यातली बायको मला म्हणाली. आणि त्याच वेळी पुढच्या रांगेतून 'शूः' यायला लागलं.

डॉक्टरांनी जिन्यात गाठलं ते या सगळ्यानंतर, मी आणखी एकीला डाळिंबी नेसवलं त्या रविवारी. पुढच्या रविवारी चहाच्या गाड्यावर त्यांनी शांतपणे मुद्दा मांडला. या सिनेमांत शांततेचं काम मोठं असतं. पाच मिनिटं कुणी बोलत नाही, नुसतं गवत हलतं, त्यात सगळं असतं. ते तुम्ही बोलून मारता.

हे खोटं नाही. मलाही ती शांतता आवडते. मी एकटी असते तर डॉक्टरांच्या बाजूने भांडले असते. पण ज्याला गवत दिसतं त्याच्यासाठी ती शांतता आहे. आक्कांसाठी तो नुसता अंधार आहे, आणि तो त्यांच्याकडे घरीही पुष्कळ आहे. मी हे म्हटलं. शिवाय त्या पडद्याशेजारी उभं राहून सांगणाऱ्या माणसाविषयीही म्हटलं.

"मॅडम, ते मूकपटासाठी होतं. ती पद्धत तिथं कधीच संपली."

"तिथं संपली असेल. सोलापुरात आत्ता सुरू झालीय."

त्यानंतर क्लबच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर नियम आला. प्रदर्शन चालू असताना संपूर्ण शांतता पाळावी, अन्यथा सभासदाला बाहेर जाण्याची विनंती करण्यात येईल. खाली अंगठ्यांची रांग लागली. नियम आजही तिथं तसाच आहे. नियमानंतर डॉक्टर स्वतः घरी आले, पेढे घेऊन. आक्कांना साखर आहे हे त्यांच्या लक्षात राहिलं नसावं. त्यांनी एक पेनड्राइव्ह माझ्या हातात ठेवला. सगळी मालिका त्यात होती. घरी बसून निवांत बघा, हवं तिथं थांबवा, हवं तेवढं सांगा, काकूंनाही जिना चढायचा त्रास नको.

फार समजूतदार बोलणं होतं ते. उत्तर आक्कांनी दिलं.

"घरी तर मी रोजच बसतीय की, डाक्टर. त्याला पेनडाईव्ह कशाला लागतोय?"

डॉक्टर चहा पिऊन गेले. पेढे मी खाल्ले. मी कपबशा विसळत होते तेव्हा आक्का म्हणाल्या, "रविवारी कुटला हाय?" मी सांगितलं. सारसाचा. त्यांनी विचारलं, "न्हेशील न्हवं?" आयुष्यात या बाईने माझ्याकडे काही मागितलेलं मला आठवत नव्हतं. मी म्हटलं, नेईन. हॉलमधून उचलून बाहेर काढेपर्यंत सांगेन.

सारसाची गोष्ट मला आधीपासून येत होती. देशोदेशींच्या लोककथांचं एक पुस्तक आमच्या शाळेच्या कपाटात होतं, त्यातून मी ती पोरांना सांगायचे. गरीब माणूस बर्फात अडकलेल्या सारसाला सोडवतो. काही दिवसांनी एक बाई त्याच्या दारात येते, संसार करते. ती म्हणते, मी कापड विणते, पण विणताना दार उघडायचं नाही. कापड असं होतं की बाजार थक्क. माणसाला आणखी हवं असतं, आणि आत काय चाललंय तेही बघायचं असतं. पोरांना सांगताना मी दाराशी थांबून विचारायचे, तुम्ही उघडलं असतं का? सगळे हो म्हणायचे.

त्या रविवारी आम्ही मधल्या रांगेत बसलो. मागे विणकर नवरा-बायको. बाहेर ऊन तापायला लागलं होतं आणि पडद्यावर बर्फ पडत होता.

"बर्फ पडतोय," मी सांगितलं. "सगळीकडे पांढरं."

"बर्फ पांढराच असतोय. पुढं सांग."

"सारस अडकलाय. आपल्या उजनीला थंडीत लांब पायांचे पक्षी येतात ना, त्यातला थोरला."

पहिली 'शूः' तिथंच आली. मी सांगत राहिले. बाई दारात आली, मी तिला मोतिया रंग दिला. माग लागला, दार लागलं. कापड बाहेर आलं. पुढच्या रांगेतले एकजण उठून मागे डॉक्टरांकडे गेले. मी सांगत राहिले. दुसरं कापड बाहेर आलं, बाई खंगली होती, चालताना भिंतीला धरत होती. माझा आवाज मी मुद्दाम चढवला नव्हता, पण तो चढला असणार. माणूस दाराशी आला. त्याने दारावर हात ठेवला.

आणि चित्र थांबलं. दिवे लागले.

डॉक्टर हातात रिमोट घेऊन उभे होते. ते ओरडले नाहीत. "सॉरी मॅडम. असं नाही चालणार. तुम्ही थांबा, नाहीतर आज इथंच संपवू." कुणी म्हणालं, बरोबर आहे. मागून विणकर म्हणाला, चालू द्या की हो. मी उठून उभी राहिले. बोलायला माझ्याकडे पुष्कळ होतं, आठवडाभर घोकलेलं.

आक्कांनी माझा पदर ओढला. "लाईट का लावली?"

"सिनेमा थांबवलाय."

"कुटं?"

"त्याने दारावर हात ठेवलाय तिथं."

"मग? आत काय हाय?"

आत काय आहे ते मला माहीत होतं. कित्येक वर्षं मी ते वर्गात पोरांना ठसक्यात सांगत आले होते. पण त्या उजेडात, आक्का माझ्याकडे तोंड करून बसलेल्या असताना, मला ते तोंडातून काढता येईना. आमच्या घरातली आतली खोली डोळ्यांपुढे आली. आक्का तिथं शिवायला बसल्या की दार लावून घ्यायच्या. बाहेरच्या खोलीत मी बी. एड.ची पुस्तकं घेऊन बसलेली असायचे. मशीनचा आवाज मला नको म्हणून त्या दार लावतात, असं मी इतकी वर्षं धरून चालले होते. नाक ओढत मी मटकन खाली बसले. डॉक्टरांना जी शांतता हवी होती ती त्यांना मिळाली.

"सांग की," आक्का म्हणाल्या. "गप का बसलीस? डाक्टरला भ्यालीस व्हय?"

"नाही."

"मग रडतीस कशाला?"

सगळा हॉल ऐकत होता. मी म्हटलं, "आत ती बाई नाहीच, आक्का. आत तो सारस आहे. स्वतःची पिसं उपटून मागावर घालतोय. त्याचंच ते कापड. पार उघडीबोडकी झालीय ती."

आक्कांनी विचारलं, "कापड कसं झालंय?"

"चांगलं. तसं कुणी बघितलंच नव्हतं."

"मग झालं तर. त्यात रडायसारखं काय हाय? पिसं तिची, इद्या तिची. तुला वाटतंय तिनं लाजून दार लावलंय. लाजून न्हाय. कामात कुणी मधी आलेलं तिला खपत न्हाय. मी बी लावायची."

"तुम्ही माझ्या अभ्यासासाठी लावायचात."

"तुजा अभ्यास कुटनं आला त्यात? तू घटकेघटकेला चा घिऊन यायचीस आन् तोंड पाडून माज्याकडं बघत उबी ऱ्हायचीस. टाका चुकायचा माजा. म्हून लावायची."

मागे कुणीतरी हसलं. मग बरेच जण हसले. मी हसले की रडले ते मला सांगता येणार नाही, पण माझ्या छातीवरचा एक ढीग त्या बाईने, मला न विचारता, उचलून बाजूला ठेवला होता. आक्कांनी मान वळवली, जिकडून डॉक्टरांचा आवाज आला होता तिकडे.

"डाक्टर, लावा ते. चालू काम मधी बंद करू ने."

डॉक्टर जागचे हलले नाहीत. मी डोळे पुसले आणि उभी राहिले. "लावा किंवा नका लावू," मी म्हटलं. "मला पुढची गोष्ट येते. भिंतीकडे बघून सांगेन. ज्याला जिना उतरून जायचं त्याने जावं."

कुणी गेलं नाही. डॉक्टरांनी काय ठरवलं ते त्यांच्या चेहऱ्यावरून कळलं नाही, पण दिवे गेले आणि माणसाने दार सरकवलं. मी उभ्यानेच सांगितलं, वर्गात सांगायचे त्या आवाजात. पुढून एकदा 'शूः' आलं, मी आवाज आणखी चढवला. सारस म्हणाला, तू बघितलंस, आता मला जायला हवं. तो अंगणात आला, उरलेल्या पिसांनी कसाबसा उडाला, घराभोवती फिरला आणि डोंगरापलीकडे गेला.

"गेली?" आक्कांनी विचारलं.

"गेली."

"बरं केलं. आन् त्यो?"

"तो अंगणात उभा आहे. वर आभाळाकडे बघतोय."

"बघू दे," आक्का म्हणाल्या. "आता बघून काय उपेग."